डब्यातलं स्टफिंग ओव्हनमध्ये भाजून सुधारायचं आहे (थँक्सगिव्हिंग, त्यात गुरुवार!)

रानजाई
मंडळी, मदत हवी आहे. थँक्सगिव्हिंगला (इथला नोव्हेंबरातला टर्कीच्या जेवणाचा सण) आम्ही शेजाऱ्यांकडे जातो. एरवी मी क्रॅनबेरीची चटणी नेऊन सुटते, यंदा स्टफिंग, म्हणजे टर्कीबरोबर खातात ते पावाचं मिश्रण, माझ्या गळ्यात पडलंय. यजमानीण भली आहे, डब्यातलं केलं तरी चालेल म्हणाली. नवऱ्याने ते शब्दशः घेऊन सेलमधले 'स्टोव्ह टॉप'चे, तयार स्टफिंगच्या चुऱ्याचे, दोन डबे आणून ठेवले, चिकन फ्लेवरचे.

पण त्यांच्या घरचं स्टफिंग मी खाल्लंय. वरून खरपूस, आतून मऊ, चौकोनी वड्या पाडून वाढता येईल असं. डब्यावरच्या कृतीने पाणी-बटर उकळून, मिश्रण ढकलून, पाच मिनिटं झाकून ठेवलं की जे होतं त्याला मी गिच्च गोळा म्हणेन. ते काचेच्या ट्रेमध्ये भाजून माणसांत नेण्यासारखं कसं करायचं?

दुसरी भानगड अशी की सासूबाई आल्या आहेत. थँक्सगिव्हिंगच्याच दिवशी, २७ नोव्हेंबरला, मार्गशीर्षातला पहिला गुरुवार. मांस नाहीच, अंडंही नाही. "तुम्ही जाऊन या, मी वरणभात लावते" म्हणतात, ते मला नकोय. त्यांना त्या टेबलावर गोडाशिवाय एक तरी पदार्थ खाता आला पाहिजे.

खोडकर
पाव चुरून, कांदा परतून, वाफ काढायची. ताई, हा फोडणीचा ब्रेड आहे. मोहरी-हिंग घाला आणि मोकळ्या व्हा.

टेक्सासची_सून
खोडकर, दर नोव्हेंबरला हाच विनोद येतो. 😀

रानजाई, आधी महत्त्वाचं. चिकन फ्लेवरच्या डब्यात नुसता वास नसतो, घटकांत कोंबडीचा अर्क असतो. तो सासूबाईंसाठी बाद. पण तो डबा वाया घालवू नकोस, बाकीच्यांसाठी त्याचा चांगला ट्रे होतो. मी करते ते असं:

एक डबा (१७० ग्रॅम) आणि साधारण २२५ ग्रॅम वाळवलेले ब्रेडचे तुकडे. दोन डबे मुळीच नाही. डब्यातला चुरा बारीक असतो, तो पाणी लगेच पिऊन बसतो. ब्रेडचे मोठे तुकडे मिसळले की खाताना दाताखाली काहीतरी येतं. फ्रेंच ब्रेड किंवा सावरडो (आंबवलेल्या पिठाचा पाव) घे, पाऊण इंचाचे तुकडे कर, ३०० फॅरनहाइटला (१५० सेल्सिअस) आतपर्यंत कडक होईपर्यंत वाळव. पाऊण तास धर, मध्ये एकदा हलव.

एक अख्खी काडी बटर (११३ ग्रॅम, बिनमिठाचं). त्यात दोन कप कांदा, दीड कप सेलरी. लाल नाही करायचं, पारदर्शक आणि मऊ. शेवटी लसूण आणि सेज या सुवासिक पाल्याची ताजी पानं बारीक चिरून. हे ब्रेडवर ओत, डब्यातला मसाला चुऱ्यातच असतो तो आपोआप सगळीकडे लागतो. मग कमी मिठाचा गरम स्टॉक (सूपचं पाणी), अडीच कप. मिसळून पाच मिनिटं थांब आणि मूठभर दाबून बघ. गोळा बसायला हवा, पण बोटांतून पाणी यायला नको. सुटा सुटा वाटला तर अर्धा कप आणखी. मग दोन फेटलेली अंडी, ९ बाय १३ इंची ट्रे, ३५० फॅरनहाइट. पहिली २५-३० मिनिटं फॉइल लावून, नंतरची १५-२० उघडं.

उघडं भाजणं विसरलीस तर गिच्च गोळाच, फक्त ट्रेमधला.

पिंपळपान
मुळात डबा कशाला? ब्रेड तुम्हीच वाळवताय, कांदा तुम्हीच परतताय, सेज ताजी आणताय. मग डब्याचं काम काय राहिलं? मिठाचा आणि प्रिझर्वेटिव्हचा चुरा पैसे देऊन घ्यायचा?

टेक्सासची_सून
काम आहे ना. बरेचजण हा डबा खाऊनच लहानाचे मोठे झालेत. त्यांना त्याचीच चव हवी असते. माझ्या एका सहकाऱ्याने घरच्या सावरडो-चेस्टनट स्टफिंगला नाक मुरडून "डब्याचं नाही का?" विचारलेलं मी ऐकलंय.

आजोबा_न्यूजर्सी
पिंपळपान यांचा मुद्दा मान्य, तरी डब्याला इतकं हिणवू नये. या डब्यामागे एक बाई आहे. रूथ सीम्स, गृहविज्ञान शिकलेल्या, जनरल फूड्समध्ये नोकरीला. १९७२ साली हे उत्पादन बाजारात आलं आणि १९७५ साली पेटंट मिळालं, त्यावर त्यांचं नाव पहिलं आहे. शोध कसला, तर पावाच्या कणाच्या आकाराचा. फार बारीक कण असेल तर गरम पाण्यात चिखल होतो, फार मोठा असेल तर पाच मिनिटांत आतपर्यंत भिजत नाही. पेन्सिलीच्या टोकाच्या रबराएवढा कण त्यांनी पक्का केला.

टेक्सासच्या सूनबाई 'चुरा पाणी लगेच पितो' म्हणतात, तो दोष नव्हे, तीच त्याची रचना. चुलीवर पाच मिनिटांत व्हावं म्हणून केलेली वस्तू आपण पाऊण तास ओव्हनमध्ये घालतो, म्हणून मोठा पाव मिसळावा लागतो.

आम्ही इथे नवे असताना टर्की कोणाला येत होती? डबा आणि गोठवलेले मटार एवढ्यावर सण झाला. त्यावर लोणचं.

खोडकर
आजोबा, लोणचं कशाचं ते सांगा. तपशील महत्त्वाचा.

आजोबा_न्यूजर्सी
लिंबाचं. गोड.

जास्वंद
शाकाहारी ट्रेबद्दल कोणीच बोलत नाहीये!

रानजाई, डब्याऐवजी पाकिटातले मसाला लावलेले ब्रेडचे तुकडे मिळतात, 'पेपरिज फार्म'चे वगैरे. मी घेते त्यात मांसाचं काही नसतं, पण कंपन्या घटक बदलतात, मागची बाजू दर वेळी वाचायची. किंवा साधे बिनमसाल्याचे तुकडे घे आणि 'पोल्ट्री सीझनिंग' घाल. नाव ऐकून दचकू नकोस. त्यात कोंबडी नसते, कोंबडीसाठी असतो तो मसाला: सेज, थाइम, मार्जोरम, रोझमेरी, मिरी, जायफळ. माझ्या आईने ती बाटली वेगळ्या कप्प्यात ठेवली होती आणि चिमट्याने उचलायची.

८ बाय ८च्या ट्रेला २०० ग्रॅम तुकडे, अर्धी काडी बटर, दीड कप भाजीचा स्टॉक. मश्रूम नक्की घाल. आधी कोरड्या तव्यावर त्यांचं पाणी आटव, कडा तपकिरी होऊ देत, मग बटर. मांसाची उणीव मश्रूमच भरून काढतात.

रानजाई
जास्वंद, 🙏. सासूबाई मश्रूम खात नाहीत, "ते उकिरड्यावर उगवतं" असं म्हणतात. बाकी सगळं चालेल.

जास्वंद
मग हिरवं सफरचंद आणि पेकान (अक्रोडासारखा सुकामेवा). सफरचंद ग्रॅनी स्मिथ, आंबट आणि टणक राहणारं. कांद्याबरोबर शेवटची तीन-चार मिनिटंच परत. वाळलेल्या क्रॅनबेरी मूठभर, जास्त नको, नाहीतर शिरा होतो.

कट्ट्यावरचा
मार्गशीर्ष गुरुवारचा उपास ना? मग ब्रेड कसा चालतो? का उगीच आपलं "अमेरिकेत चालतं"?

रानजाई
कट्ट्यावरचा, उपास दिवसभराचा. संध्याकाळी पूजा, कहाणी, नैवेद्य झाला की सोडतात. शेजाऱ्यांकडे जेवण सातला आहे. पूजा साडेपाचला उरकून निघू.

खोडकर
शिवाय पूर्व किनाऱ्यावर संध्याकाळचे सात म्हणजे भारतात शुक्रवारची पहाट साडेपाच. महालक्ष्मीच्या दृष्टीने गुरुवार कधीच संपलाय. अंडं घाला बिनधास्त.

जास्वंद
खोडकर, हे वाक्य माझ्या सासूसमोर बोलून दाखव. तिकिटाचे पैसे मी देते.

बोस्टनवासी
थोडं अवांतर. थँक्सगिव्हिंग कायम गुरुवारीच का, असं इथे वाढलेल्या मुलांना विचारलं तर सांगता येत नाही. लिंकनने १८६३ मध्ये नोव्हेंबरचा शेवटचा गुरुवार जाहीर केला. नंतर रूझवेल्टने नाताळच्या खरेदीला जास्त दिवस मिळावेत म्हणून तो आठवडाभर अलीकडे ओढला. काही राज्यांनी मानलं, काहींनी नाही, दोन-दोन थँक्सगिव्हिंग झाले. शेवटी १९४१ मध्ये काँग्रेसने कायदा करून चौथा गुरुवार ठरवला. म्हणजे दत्तभक्त, साईभक्त आणि गुरुवारी सामिष न खाणाऱ्या तमाम मराठी माणसांची पंचाईत कायद्याने झालेली आहे.

आणि हेही लिहून ठेवतो, याच दिवशी, इंग्रज वसाहतवाले येऊन राहिले त्या प्लिमथला, मूळनिवासी लोक १९७० पासून 'राष्ट्रीय शोकदिन' पाळतात. आमच्या घरापासून लांब नाही. सण करू नका असं म्हणत नाही, पण माहीत असावं.

पिंपळपान
+१. शाळेत मुलांना कागदी पिसं लावून नाचवतात तेव्हा यातलं काही सांगत नाहीत.

कट्ट्यावरचा
झालं. स्टफिंगच्या धाग्यावर वसाहतवाद आला. पॉपकॉर्न घेऊन बसतो.

वऱ्हाडी_ठेचा
मी सांगू का, या गोऱ्या लोकाईच्या स्टफिंगमंधी तिखटच नसते. मी हिरवी मिर्ची, आलं अन् वरून गरम मसाला टाकतो. हापिसातल्या पॉटलकमंधी (जो तो घरून एक पदार्थ आणते ते जेवण) सगळ्यात आधी माझाच ट्रे संपते.

टेक्सासची_सून
हापिसातलं पॉटलक वेगळं आणि कोणाच्या घरचं थँक्सगिव्हिंगचं जेवण वेगळं. पॉटलकला लोक नवीन खायला येतात, इथे जुनं खायला. आमच्या एका ओळखीच्यांनी गरम मसाला घातलेला मोठा ट्रे नेला होता. सगळ्यांनी कौतुक केलं, एकेक चमचा घेतला, आणि ट्रे जसाच्या तसा परत आला. दालचिनी-लवंगेचा वास त्यांच्याकडे 'पाय' (pie) नावाच्या गोड पदार्थाचा असतो, तो जेवणाच्या ताटात आला की गोंधळतात. मिरची चालेल, अगदी बारीक, एखादी. गरम मसाला नको.

वऱ्हाडी_ठेचा
तुमच्या ओळखीच्याईचा मसाला जुना असन. 😜 पण बरं, मिर्चीपुरतं जमलं आपलं.

गोंयकार_फॉल_रिव्हर
देव बरें करूं! मी मॅसॅच्युसेट्सच्या त्या पट्ट्यात राहतो जिथे पोर्तुगीज वस्ती जुनी आहे. इथे स्टफिंगमध्ये शोरीस किंवा लिंग्विसा (डुकराच्या मांसाची पोर्तुगीज सॉसेजं) घालतात हे पाहिलं तेव्हा मला घरी आल्यासारखं वाटलं. गोव्यातून चोरीस आणता येत नाही, भारतातलं डुकराचं मांस विमानतळावरच काढून घेतात. इथला शोरीस त्यात पुष्कळ जवळचा, फक्त आपल्यासारखा व्हिनेगरचा झटका नाही.

मांसाहारी ट्रेसाठी माझी पद्धत: शोरीसची साल काढून, मोकळा करून, तो आधी परतायचा. लाल तेल सुटलं की त्याच तेलात कांदा-सेलरी, बटर निम्मं. वर एक चमचा व्हिनेगर. डब्यातला चुरा त्या तेलाने नारिंगी होतो. पाव इथल्या पोर्तुगीज बेकरीचा, पापसेक. कडक सालीचा असतो, भिजूनही टिकतो.

माझी आई नाताळात कोंबडी भरायची त्यात पाव, कोंबडीची काळीज-पेटं, बेदाणे असं काहीबाही असायचं. त्यामुळे मला हा पदार्थ परका वाटलाच नाही.

बोस्टनवासी
गोंयकार, त्या बेकरीचं नाव व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. आत्ताच्या आत्ता.

प्रयोगशाळा
अन्नतंत्रज्ञानात काम करते म्हणून दोन गोष्टी.

शिळा ब्रेड आणि वाळवलेला ब्रेड एक नव्हे. ब्रेड शिळा होतो तेव्हा त्यातला स्टार्च पुन्हा घट्ट रचला जातो, पाणी फारसं उडालेलं नसतं. म्हणून कडक लागणारा शिळा पाव गरम केला की तात्पुरता मऊ होतो. स्टफिंगला पाणी उडालेला ब्रेड हवा, म्हणजे स्टॉकला आत शिरायला जागा असते. दोन दिवस ओट्यावर ठेवलेल्या पावापेक्षा ओव्हनमधला पाव चांगला, तो या कारणाने.

अंड्याशिवाय वड्या पडतील का, याचं उत्तर: पडतात, जरा हळव्या. जवसाची पूड पाण्यात कालवून घालतात, मला तिची चव कळते. त्यापेक्षा ट्रे भरताना पालथ्या चमच्याने हलकेच दाबा आणि ओव्हनमधून काढल्यावर दहा-पंधरा मिनिटं हात लावू नका. ओल्या स्टार्चला निवताना पकड येते. गरम गरम कापलंत तर अंडं घालूनही ढासळेल.

आणि कृपा करून यजमानांना सांगा की तुमचं स्टफिंग टर्कीच्या पोटात भरू नका. एक तर सासूबाईंचा प्रश्न. दुसरं, पोटातल्या भरणाचा मध्य १६५ फॅरनहाइटला (७४ सेल्सिअस) पोचायला हवा. तोवर बाहेरचं मांस चामडं होतं. वेगळा ट्रे हेच शहाणपण.

मीरा_कोथरूड
मी पुण्यात आहे. लेक अमेरिकेहून येतेय, तिला हे करून घालायचंय. इथे ना डबा, ना सेज. काय करू?

प्रयोगशाळा
मीराताई, बेकरीचा बिनगोड लांब पाव घ्या, लादीपाव नको, तो फार मऊ आणि किंचित गोड. सेज वाळलेली ऑनलाइन मिळते. थाइम नसेल तर बटरमध्ये दोन चिमटी ओवा चुरडून घाला. दोन्हींच्या वासामागे थायमॉल हेच द्रव्य आहे, त्यामुळे ते उपरं वाटत नाही. मात्र दोनच चिमटी, नाहीतर भजी आठवतील. सेलरी मोठ्या भाजीवाल्यांकडे असते.

मीरा_कोथरूड
ओवा! हे बेस्ट झालं. धन्यवाद.

आजोबा_न्यूजर्सी
मसाल्यावरून आठवलं. इकडच्या दुकानात नोव्हेंबरात 'बेल्स सीझनिंग' नावाची लहानशी पिवळी डबी दिसते, वर निळी टर्की. १८६७ पासूनचा मसाला आहे, बोस्टनकडचा. त्यात मीठ नाही, म्हणून डब्याच्या खारटपणात भर पडत नाही. पाव चमचा पुरतो.

रानजाई
सगळ्यांचे आभार! म्हणजे दोन ट्रे: मोठा, टेक्सासची_सून पद्धतीने, एक डबा आणि सावरडो, अंडी घालून. छोटा सासूबाईंचा, जास्वंदच्या प्रमाणात, सफरचंद-पेकान. पण त्यांचा ओव्हन टर्कीने अडलेला असणार. घरून भाजून नेऊ का? आणि आदल्या दिवशी काय काय करून ठेवता येईल?

जास्वंद
आदल्या दिवशी ब्रेड वाळवून हवाबंद डब्यात, कांदा-सेलरी परतून फ्रिजमध्ये. एकत्र कालवून रात्रभर ठेवू नकोस. त्याने लगदाही होतो आणि अंड्याचं ओलं मिश्रण तसं ठेवणंही बरं नाही. दुपारी कालव, पूजेआधी फॉइल लावून भाज. निघताना उघडं करून वरचा रंग आण. मग पुन्हा फॉइल, वर जाड टॉवेल, आणि पिकनिकच्या कूलरमध्ये. कूलर गारवा धरतो तशीच उष्णताही धरतो. तिथे टर्की बाहेर काढून तशीच विसावायला ठेवतात, तेवढ्या वेळात ओव्हन रिकामा असतो. दहा मिनिटं मागून घे.

टेक्सासची_सून
आणि गं, दोन गोष्टी ज्या कोणी सांगत नाही. छोट्या ट्रेला स्वतःचा चमचा ने आणि तो तिथेच राहील हे बघ, लोक टर्कीचा चमचा कुठेही घालतात. दुसरं, टेबलावरची ग्रेव्ही टर्कीच्या रसाची असते. सासूबाई भाबडेपणाने 'आमटी' म्हणून ओतून घेतील. घरून थोडी वेगळी कर: बटरवर मैदा भाज, भाजीचा स्टॉक, मिरी, थोडा सोया सॉस.

पिंपळपान
बाकी सगळ्यांनी मिळून डबा जिंकवला तर. मी मात्र आख्खं घरीच करणार. छायाचित्र टाकते.

रानजाई
(शनिवार) वृत्तांत. मोठा ट्रे संपला, कोपरे आधी गेले, कोपऱ्यांसाठी यजमानांच्या दोन मुलांत भांडण. स्टॉक अडीच कप पुरला नाही, माझं सावरडो फार वाळलं असावं, तीन कप लागला. मीठ वरून अजिबात घातलं नाही तरी किंचित पुढेच होतं.

छोट्या ट्रेच्या वड्या कडेच्या नीट पडल्या, मधल्या मोडल्या. सासूबाईंनी दोनदा घेतलं. मग यजमानीणबाईंना खुणेने विचारलं की यात आलं का घातलं नाही. मला वाटतं त्यांना आवडलं, कारण परत येताना गाडीत "पुढच्या वेळी कोथिंबीर घाल" म्हणाल्या.

मोठ्या ट्रेमधलं काही उरलं नाही, पण छोट्यातलं थोडं आहे. काय करू?

वऱ्हाडी_ठेचा
सासूबाईच्या पार्टीत मी. कोथिंबीर पायजेच.

प्रयोगशाळा
वॉफल मेकर असेल तर त्यात दाबून भाज. बिनअंड्याचं आहे म्हणून दोन चमचे स्टॉक शिंपड आणि साच्याला तेल सढळ हाताने लाव. झाकण लगेच उघडू नकोस, वाफ यायची थांबली की उघड.

खोडकर
आणि वॉफल मेकर नसेल तर?

जास्वंद
तर तवा, तेल, आणि मोहरी-हिंग. जिंकलास बाबा, जा आता.

पिंपळपान
छायाचित्र टाकायचं राहिलं. आमच्याकडे वरचा थर जरा जास्तच खरपूस झाला. खालून छान होतं. तो उरलेला दुसरा डबा कोणाला द्यायचा असेल तर मी न्यूजर्सीत एडिसनला आहे.